टीव्हीगेम घेताना : जुने खेळ चालतील का, नवे खेळ बसतील का?

उसाचे बिल हाती आले, सोयाबीन विकले, दिवाळी तोंडावर आली की घरोघरी खरेदीची यादी निघते. पूर्वी या यादीत भांडीकुंडी, कपडे, फार तर रेडिओ असे. हल्ली शाळा-कॉलेजात जाणारी मुले तिच्यात आणखी एक नग घालतात : टीव्हीला जोडून खेळायचे गेमचे यंत्र. दुकानदार त्याला कन्सोल म्हणतात. दोन-तीन चांगल्या शेळ्यांचे पैसे या एका डब्यात जातात. म्हणून पाण्याचा पंप घेताना आपण जेवढी चौकशी करतो, तेवढी येथेही करावी.

पालकांचा गोंधळ बहुधा दोन बाबतींत होतो. घरातले जुने खेळ नव्या यंत्रात चालतील का? आणि नवा खेळ आपल्या घरच्या विजेवर व नेटवर बसेल का? दोन्हींचे उत्तर बऱ्याच अंशी एकाच गोष्टीवर अवलंबून आहे. यंत्राला डिस्क घालायची खाच आहे की नाही, ही ती गोष्ट होय.

कॅसेटचे दिवस

१९९० नंतर तालुक्याच्या बाजारात मिळणारा टीव्हीगेम पुष्कळांना आठवत असेल. जपानच्या निन्टेन्डो कंपनीने १९८३ साली फॅमिकॉम नावाचे यंत्र काढले. आपल्याकडचे स्वस्त टीव्हीगेम बहुतांशी त्याचीच नक्कल होते. मारियो आणि कॉन्ट्रा हे खेळ आपल्याकडच्या मुलांनी त्यावरच पाहिले. कॅसेट वरून खोचायची, बटण दाबायचे, की खेळ सुरू. खेळ सगळाच्या सगळा त्या कॅसेटमध्ये असे. आपली कॅसेट शेजारच्याला द्यावी, त्याची आपण आणावी, असा व्यवहार चाले.

पुढे डिस्क आली. सोनी कंपनीचे पहिले प्लेस्टेशन डिसेंबर १९९४ मध्ये आणि दुसरे, म्हणजे पीएस२, मार्च २००० मध्ये जपानात निघाले. पीएस२ चा खेळ डीव्हीडीवर असे व यंत्र तो थेट तिथूनच वाचत असे. २००९ साली या यंत्रासाठी 'देसी अड्डा' नावाचा खेळ निघाला होता. त्यात कबड्डी आणि विटीदांडूसुद्धा होते.

खेळ 'बसवणे' म्हणजे काय?

आताची मोठी यंत्रे डिस्कवरून खेळ सरळ चालवीत नाहीत. डिस्क वाचण्याचा वेग नव्या खेळांना पुरत नाही, म्हणून यंत्र खेळ आधी आपल्या पोटात उतरवून घेते. याला इन्स्टॉल करणे म्हणतात. कणगीत धान्य भरण्यासारखेच हे आहे. कणगी केवढी आणि माल केवढा, हे आधी पाहावे लागते.

जुन्या साध्या सीडीवर ७०० एमबी माहिती मावते, एकपदरी डीव्हीडीवर ४.७ जीबी, तर दुपदरी ब्लू-रे डिस्कवर ५० जीबी. तरीही काही खेळांना एक डिस्क पुरत नाही. २०१८ साली निघालेला 'रेड डेड रिडेम्प्शन २' हा खेळ पीएस४ साठी दोन डिस्कवर आला. एकीवरून माल उतरवायचा आणि दुसरी खेळताना यंत्रात ठेवायची, अशी त्याची रीत आहे.

आता डिस्क न घेता असा १०० जीबीचा खेळ नेटवरून उतरवायचा म्हटले तर काय होते पाहा. मोबाइलच्या प्लॅनमध्ये रोज २ जीबी मिळत असतील, तर सगळा डेटा घालूनही ५० दिवस लागतील. फायबरची जोडणी आहे, पण वेग १० एमबीपीएस आहे, असे धरले तर २२ तास लागतील, तेही मध्ये वीज गेली नाही तर. त्यामुळे ज्या गावात नेट क्षीण आहे, तेथे डिस्क हाच सोयीचा मार्ग ठरतो.

कणगीचे मापही ध्यानात घ्यावे. २०२० साली निघालेल्या पहिल्या पीएस५ वर ८२५ जीबी लिहिलेले आहे, पण प्रत्यक्ष खेळांसाठी सुमारे ६६७ जीबी मिळतात. एक्सबॉक्स सिरीज एसच्या ५१२ जीबीच्या नगात सुमारे ३६४ जीबीच हाती लागतात. म्हणजे १०० जीबीचे तीन खेळ बसवले की जागा संपत आली.

खेळ बसवताना पुढील क्रम ठेवावा.

(१) यंत्र प्रथम चालू करण्याचे काम नेट चांगले असेल तेथे उरकून घ्यावे. एक्सबॉक्सच्या चालू पिढीतील यंत्रांना पहिल्या वेळी नेट लागतेच.

(२) वीज टिकण्याची खात्री असलेल्या वेळीच डिस्क घालावी. माल उतरेपर्यंत यंत्र बंद करू नये.

(३) उतरवणे झाल्यावर यंत्र बहुधा सुधारणा मागते. ही सुधारणा नेटवरूनच येते आणि पुष्कळदा मोठी असते. एकट्याने खेळायचे बरेच खेळ ती न घेताही चालतात. मात्र काही डिस्कांवर अर्धाच माल असतो आणि उरलेला नेटवरून आणावा लागतो. वेष्टनावर 'डाउनलोड आवश्यक' अशा अर्थाची सूचना आहे का, हे पाहूनच पैसे द्यावेत.

(४) खेळ बसला तरी डिस्क जपून ठेवावी. खेळताना ती यंत्रात असावीच लागते.

(५) जागा भरली की नको असलेला खेळ काढून टाकावा. त्याने मुलाने जिंकत आणलेला डाव जात नाही, तो वेगळा साठवलेला असतो. डिस्क घरात असली की खेळ पुन्हा बसवता येतो.

जुने खेळ नव्या यंत्रात

येथे सर्वांत जास्त फसगत होते. 'प्लेस्टेशनची डिस्क प्लेस्टेशनला चालणारच' असे धरून चालू नये.

पीएस५ मध्ये पीएस४ च्या जवळजवळ सगळ्या डिस्क चालतात. पीएस१, पीएस२ आणि पीएस३ च्या डिस्क मात्र चालत नाहीत. पीएस४ मध्येही त्या चालत नाहीत. पीएस३ च्या सर्व यंत्रांत पीएस१ च्या डिस्क चालतात, पण पीएस२ च्या डिस्क घेणारे पीएस३ म्हणजे अगदी सुरुवातीचे मोजके नगच. म्हणून घरात पीएस२ असेल आणि त्याच्या डिस्क असतील, तर नवे आले म्हणून जुने यंत्र भंगारात घालू नये. त्याची लाल-पांढरी-पिवळी वायर नव्या टीव्हीला बसत नसेल, तर एचडीएमआयला जोडणारी छोटी डबी बाजारात मिळते.

एक्सबॉक्स सिरीज एक्समध्ये एक्सबॉक्स वनच्या डिस्क चालतात. त्याआधीच्या एक्सबॉक्स ३६० व मूळ एक्सबॉक्सच्या ठरावीक खेळांच्याच डिस्क चालतात, आणि त्यांतही डिस्क फक्त पावतीचे काम करते. खेळ नेटवरून उतरवावा लागतो. २०२१ च्या नोव्हेंबरात या यादीत शेवटची भर पडली. सिरीज एसला डिस्कची खाचच नाही. निन्टेन्डोच्या जून २०२५ मध्ये आलेल्या स्विच २ मध्ये आधीच्या स्विचच्या बहुतेक कॅसेटी चालतात. पण स्विच २ च्या काही नव्या कॅसेटींत खेळ नसतो, नुसती किल्ली असते. आयात केलेले यंत्र असेल, तर वॉरंटी कोण देणार हे पक्के विचारावे.

पीएस५ मध्येही बिनखाचेचे 'डिजिटल' यंत्र मिळते. ते जरा स्वस्त असते, म्हणून मन तिकडे ओढते. घरात पीएस४ च्या दहा डिस्क आहेत आणि वडिलांनी हौसेने डिजिटल यंत्र आणले, तर त्या दहाही डिस्क एका क्षणात निरुपयोगी होतात. २०२३ च्या अखेरीस आलेल्या सडपातळ यंत्राला व २०२४ च्या पीएस५ प्रोला डिस्कचा भाग वेगळा विकत घेऊन जोडता येतो. पण तो खर्च आधीच जमेस धरावा. हा भाग जोडताना एकदा नेट लागते.

आणखी एक. चिप मारलेल्या पीएस२ वर चालणाऱ्या नक्कल केलेल्या डिस्क नव्या यंत्रांत अजिबात चालत नाहीत. 'चालते, घेऊन जा' असे कोणी म्हणाले, तरी पैसे घालवू नयेत.

सातबारा कोणाच्या नावावर?

डिस्क घेतली की ती आपली. मुलाचा जीव रमेनासा झाला तर ती विकता येते, भाच्याला देता येते, मित्राशी बदलता येते. नेटवरून घेतलेला खेळ म्हणजे खंडाने केलेले रान. पीक काढायची परवानगी आहे, पण सातबारा दुसऱ्याच्या नावावर. तो विकता येत नाही आणि परवानगी देणाऱ्याने दुकान मिटले तर गाऱ्हाणे मांडायला जागा उरत नाही.

याचे दाखले आहेत. निन्टेन्डोने वी यू आणि थ्रीडीएस या यंत्रांचे नेटवरचे दुकान २७ मार्च २०२३ रोजी बंद केले. एक्सबॉक्स ३६० चे दुकान २९ जुलै २०२४ रोजी मिटले. त्यानंतर तेथे नवी खरेदी होत नाही. पीएस३ चे दुकान बंद करण्याचे सोनीने २०२१ साली जाहीर केले होते. लोकांनी ओरड केल्यावर महिन्याभरात निर्णय फिरवला. अमेरिकेतील कॅलिफोर्निया राज्यात तर १ जानेवारी २०२५ पासून कायदाच आहे. आपण खेळाची मालकी विकत नसून परवाना विकतो, हे असा माल विकणाऱ्या दुकानाला गिऱ्हाइकास स्पष्ट सांगावे लागते.

डिस्क असली म्हणजे सर्व धोका टळला, असेही नाही. युबिसॉफ्ट कंपनीचा २०१४ सालचा 'द क्रू' हा मोटारींचा खेळ कंपनीच्या नेटजोडणीशिवाय चालत नसे. ३१ मार्च २०२४ रोजी कंपनीने ती जोडणी बंद केली आणि लोकांच्या घरातल्या डिस्काही मुक्या झाल्या. तेव्हा 'नेटशिवाय एकट्याने खेळता येतो का?' हा प्रश्न प्रत्येक खेळाबाबत विचारावा. अमेरिकेतील व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशनने २०२३ साली पाहणी केली. त्या देशात २०१० पूर्वी निघालेल्या खेळांपैकी शंभरातले ८७ खेळ आता बाजारात विकत मिळत नाहीत, असे तिच्यात दिसले. जुना खेळ ज्याच्याकडे आहे, त्याने तो जपावा हेच बरे.

वीज आणि धूळ

पहिल्या बनावटीच्या पीएस५ वर कमाल ३५० वॅट असे लिहिलेले असते. मोठा खेळ चालू असता ते साधारण २०० वॅट ओढते. रोज दोन तास धरल्यास महिन्याला सुमारे १२ युनिट होतात. टीव्हीची वीज वेगळी.

खेळ उतरत असताना किंवा डाव साठत असताना वीज गेली, तर साठा बिघडू शकतो. म्हणून भारनियमनाच्या गावी इन्व्हर्टरची सोय असल्यास यंत्र त्यावर ठेवावे. मात्र टीव्ही व यंत्र मिळून जेवढे वॅट होतात, तेवढे तो पेलतो का हे पाहून घ्यावे. खेळ संपल्यावर नारिंगी दिव्याच्या अर्धझोपेत न ठेवता यंत्र पुरते बंद करावे. मोटार चालू-बंद होताना व्होल्टेज खाली-वर होत असल्यास स्टॅबिलायझर लावावा.

सुगीच्या दिवसांत भुसा आणि धूळ घरभर होते. यंत्राच्या पंख्याची तोंडे महिन्यातून एकदा कोरड्या मऊ ब्रशाने साफ करावीत. खेळ चालू असताना यंत्रावर कापड झाकू नये, ते तापते. डिस्क मधून कडेकडे सरळ पुसावी, गोल गोल घासू नये.

पहिला खेळ कोणता घ्यावा?

वेष्टनावरचा आकडा पाहावा. ३, ७, १२, १६, १८ असे आकडे युरोपीय पद्धतीने वयासाठी छापलेले असतात. मुलांत फार बोलबाला असलेल्या 'जीटीए ५' वर १८ आहे. घरात लहान मुले असल्यास हे लक्षात असू द्यावे. खेळण्याच्या वेळेची मर्यादाही यंत्रात घालून ठेवता येते. बँकेचे कार्ड मात्र यंत्रात नोंदवून ठेवू नये.

शेतकऱ्याच्या घरी शोभेल असाही एक खेळ आहे. स्वित्झर्लंडची जायंट्स सॉफ्टवेअर ही कंपनी २००८ पासून 'फार्मिंग सिम्युलेटर' ही मालिका काढते. नांगरणी, पेरणी, कापणी, जनावरे, कर्ज असे सगळे त्यात आहे. नोव्हेंबर २०२४ मध्ये आलेल्या २५ क्रमांकाच्या खेळात भातशेती आणि म्हशीसुद्धा आहेत, आणि वेष्टनावर आकडा ३ आहे. तो पीएस५ वर चालतो, पीएस४ वर नाही. पीएस४ असणाऱ्याने २०२१ चा २२ क्रमांकाचा खेळ डिस्कवर घ्यावा. उद्या खाचेचे पीएस५ आणले तरी तीच डिस्क त्यात चालेल. त्या शेतात पाऊस हुकला म्हणून घरची चूल थांबत नाही, एवढा फरक सोडला तर आजोबाही नातवाशेजारी बसून दोन गोष्टी सांगू शकतील.

दुकानात जाताना हे पाच प्रश्न चिठ्ठीवर लिहून न्यावेत. यंत्राला डिस्कची खाच आहे का? घरातल्या कोणत्या डिस्क त्यात चालतील? खेळांसाठी प्रत्यक्ष जागा किती? हा खेळ डिस्कवर पुरा आहे का आणि नेटशिवाय चालतो का? बिघाड झाल्यास दुरुस्ती कोण करणार? पाचही उत्तरे पटली तर मुलांची हौस जरूर पुरवावी. एकाही प्रश्नावर दुकानदार अडखळला, तर पैसे खिशात ठेवून दुसरे दुकान पाहावे.