सगळे सर्व्हर एकदम का बंद करतात?

मुंबईच्या वांद्रे-कुर्ला संकुलात बड्या बँकांची कार्यालयं आहेत. अशा बँकांचा डेटाबेस अनेकदा क्लस्टरवर, म्हणजे अनेक सर्व्हरवर मिळून चालतो. एक सर्व्हर पडला तरी काम थांबत नाही. तरीही काही पॅच, म्हणजे सॉफ्टवेअरमधल्या दुरुस्त्या, लावताना सगळंच बंद ठेवावं लागतं.

बरेचसे पॅच एकेका सर्व्हरवर पाळीपाळीने लावता येतात. मात्र तेवढा वेळ जुनी आणि नवी आवृत्ती एकत्र चालली पाहिजे. ओरॅकल आरएसी या क्लस्टरवर चालणाऱ्या डेटाबेसमध्ये सगळे सर्व्हर एकाच साठवणीवर लिहितात आणि मेमरीतले ब्लॉक खासगी नेटवर्कवरून एकमेकांना देतात. पॅचमुळे या देवाणघेवाणीची रीतच बदलली, तर दोन आवृत्त्या एकत्र चालवणं म्हणजे खातेदारांच्या नोंदींशी खेळणं. तो धोका कुणीही पत्करू नये.

अद्ययावतीकरणासाठी सेवा थांबवण्याची ठळक उदाहरणं रिझर्व्ह बँकेचीच आहेत. 18 एप्रिल 2021 ला आरटीजीएस आणि 23 मे 2021 ला एनईएफटी, या पैसे पाठवण्याच्या दोन्ही सेवा मध्यरात्रीपासून दुपारी 2 पर्यंत बंद होत्या. दोन्ही दिवस रविवार. एक थांबली तेव्हा दुसरी चालू ठेवली आणि पूर्वसूचनाही दिली. ग्राहकाचा विचार असा आधी व्हावा.

पॅच लावायला फार वेळ लागतोच असं नाही. बॅकअप आणि तपासणीला लागतो. पॅच फसला तर तो काढून पूर्वस्थितीत येण्याचा वेळही जाहीर केलेल्या बंद काळातच धरावा लागतो.