ड्रमरचं गाणं गोरिल्लाच्या तोंडी

1964 साली लंडनच्या न्यू थिएटरात 'ऑलिव्हर!' हे म्युझिकल जोरात चालू होतं. त्यातल्या आर्टफुल डॉजर या चलाख पोरट्या पाकीटमाराचं काम फिल कॉलिन्सला मिळालं. एका प्रयोगात ऐन गाण्यात त्याचा आवाज फुटला. काम पोरसवदा गळ्याचं; आवाज गेला तसं तेही गेलं. म्युझिकलशी पुन्हा गाठ पडायला पुढे चाळीसएक वर्षं जावी लागली.

मधल्या काळात तो जेनेसिसमध्ये ड्रम्स वाजवत होता. एकच गाणं तेवीस-तेवीस मिनिटं चालवणारी ही प्रोग्रेसिव्ह रॉकवाली मंडळी! नाटकी म्हणाल तर त्यांच्यात गायक पीटर गेब्रिएल. 1972 मध्ये डब्लिनला बायकोचा लाल झगा आणि कोल्ह्याचं मुंडकं चढवून तो स्टेजवर आला, तेही बाकीच्या चौघांना पत्ता लागू न देता. 1975 मध्ये त्याने बँड सोडला. नव्या गायकाच्या शोधात उमेदवारांना गाणी म्हणून दाखवता दाखवता ड्रमरच गायक झाला. नाटकाचा नाद मात्र पुढे त्यालाच भोवायचा होता.

डिस्नेचा 'टारझन' आला 1999 मध्ये. पडद्यावर पात्रं जवळजवळ गातच नाहीत. कॉलिन्सच निवेदकासारखा मागून गातो. शहाणपणाचाच निर्णय. लंगोट लावून फांदीवर तान घेणारा नायक कोण सहन करणार? 'यूल बी इन माय हार्ट'ला ऑस्करही मिळालं.

पण हाच सिनेमा म्युझिकल होऊन ब्रॉडवेवर जायचा, तर मागून गाऊन भागत नाही. गाणं कोण म्हणतंय, कुणाला, आणि आत्ताच का, हे ठरवावंच लागतं. अल्बम करताना असलं काही कुणी विचारत नाही. 'यूल बी इन माय हार्ट'चा प्रश्न आला नाही, कारण ते मुळात कॉलिन्सने मुलीसाठी रचलेली अंगाई. कालाच्या, म्हणजे टारझनच्या गोरिल्ला आईच्या, तोंडी ते सहज बसलं. खरा पेच कर्चाकचा. सिनेमात हा कळपाचा म्होरक्या गात नाही. रंगमंचावर माणसाच्या पोराला हाकलताना त्याला स्वतःची बाजू मांडायला गाणं हवं, म्हणून नवं लिहिलं गेलं. अशी आणखीही बरीच नवी गाणी लागली.

10 मे 2006 रोजी रिचर्ड रॉजर्स थिएटरात 'टारझन' उघडलं. दिग्दर्शक बॉब क्राउली मूळचा नेपथ्यकार, आणि ते दिसतही होतं: हिरवंगार जंगल आणि दोरांवरून झोके घेणारे नट. समीक्षकांनी पिसं काढली. टोनीचं एकुलतं एक नामांकन मिळालं तेही प्रकाशयोजनेला. 486 प्रयोगांनंतर, जुलै 2007 मध्ये, खेळ बंद.

हॅम्बुर्गमध्ये मात्र हेच नाटक 2008 पासून 2013 पर्यंत चाललं. माझ्या मते त्याचं एक कारण सिनेमातच आहे. कॉलिन्सने ती गाणी स्वतःच्या आवाजात जर्मन, फ्रेंच, इटालियन आणि स्पॅनिशमध्येही गायली होती. त्यामुळे हॅम्बुर्गच्या प्रेक्षकाला निदान सिनेमातली गाणी नवखी नव्हती.