कानागीची चकती

जपानच्या आओमोरी प्रांतातली त्सुगारू रेल्वे जेमतेम 20.7 किलोमीटरची, एकेरी मार्गाची आणि खासगी. कानागी हे तिच्यावरचं एक स्टेशन. लेखक ओसामु दाझाई 1909 साली याच गावात जन्मला, म्हणून माहितीपत्रकं त्याचंच कौतुक सांगतात. गाडी इथवर आली 1930 साली. तेवढा इतिहास पुरे. खरी पाहण्यासारखी गोष्ट म्हणजे इथली देवाणघेवाण. दक्षिणेकडून आलेला चालक मोठ्या कडीला लटकवलेली चामड्याची पिशवी फलाटावरच्या कर्मचाऱ्याच्या हाती देतो. पिशवीत मधोमध भोक असलेली धातूची चकती असते. ती मिळाल्याशिवाय समोरच्या गाडीला गोशोगावाराकडे निघता येत नाही. तारेनं ओढला जाणारा सिग्नलचा हातही इथं अजून तसाच पडतो.

पर्यटकांना यात गतकाळाची गोडी वाटते. मला वाटतं, ही गोडी नसून हिशेब आहे, आणि हिशेब चोख आहे. 1874 साली इंग्लंडमध्ये थॉर्पजवळ दोन गाड्या समोरासमोर धडकल्या. त्यानंतर एडवर्ड टायरनं शोधलेल्या या चकतीच्या यंत्राची युक्ती साधी आहे. टप्प्याच्या दोन्ही टोकांना एकेक पेटी, दोन्ही विजेच्या तारेनं जोडलेल्या. पलीकडच्यानं संमती दिल्याशिवाय चकती निघत नाही, आणि एक निघाली की ती कुठल्याही एका पेटीत परत पडेपर्यंत दुसरी निघत नाही. आपल्याकडे हेच काम पोलादी गोळ्यानं केलं. कानागीच्या उत्तरेला तर पेटीही नाही. नाकासातोपर्यंतच्या टप्प्यासाठी एकच दांडा आहे आणि तो ज्या गाडीजवळ, तीच गाडी जाणार. मोजक्या गाड्यांच्या मार्गाला याहून जास्त कशाला हवं?

यावर दोन आक्षेप येतात. पहिला म्हणजे माणूस चुकतो. खरं आहे. 1921 साली वेल्समधल्या ॲबरम्यूलला टायरचीच यंत्रं होती. तिथं चालकानं आणून दिलेली चकती फिरून त्याच्याच हाती पडली, ती कुणी निरखून पाहिली नाही आणि 17 जण मेले. अशा चुका टाळायलाच जपानी रेल्वेत जे पाहिलं त्याकडे बोट दाखवून ते मोठ्यानं म्हणायची शिस्त आहे, आणि निरनिराळ्या टप्प्यांच्या चकत्यांची भोकंही गोल, चौकोनी, त्रिकोणी अशी वेगळी ठेवतात. दुसरा आक्षेप जास्त वजनदार आहे. स्वयंचलित सिग्नल बसवले तर फलाटावरच्या माणसाचा पगार वाचेल. वाचेल, पण सिग्नलचा खर्च एकदम आणि आजच करावा लागतो. शिवाय हाच माणूस तिकिटंही विकतो आणि बर्फ पडला की रुळांच्या सांध्यांकडेही बघतो.

तरीही माझा हिशेब एका जागी अडखळतो. तो माणूस उद्याही मिळेल, हे मी गृहीत धरलं आहे. अशा पेट्यांची मागणी जगभरच आटली, त्यामुळे त्यांचे सुटे भाग दुकानात मिळत नाहीत आणि दुरुस्तीचं कसब जुन्या कामगारांकडूनच नव्यांकडे जायला हवं. पण नवे आणायचे कुठून? आओमोरीची लोकसंख्या घटते आहे. कानागी तर 2005 साली गोशोगावारा शहरात विलीनही झालं. अशा रेल्वेचा रोजचा आधार म्हणजे शाळकरी मुलं, आणि तीच कमी होताहेत. हिवाळ्यात डब्यात कोळशाची शेगडी पेटवून, तिच्यावर सुका माकूळ भाजून देणारी गाडी पर्यटक खेचते खरी, पण ती डिसेंबर ते मार्च एवढीच धावते. एप्रिलपासून पुन्हा एका डब्यात मोजकी माणसं आणि त्यांच्यासाठी तीच पेटी, तोच दांडा, तोच पगार.