पेटाऱ्यातला दरबार

कार्तिकात पेडण्यात जत्रांचा हंगाम लागला की दशावतारी मंडळी आणि त्यांचे पेटारे गावोगाव फिरू लागतात. आता ते टेम्पोतून येतात, पूर्वी डोक्यावरून यायचे. सगळे नाटक त्या पेटाऱ्यांतच असते. देवळापुढच्या मांडवात नेपथ्य म्हणाल तर एक बाकडे. राजा बसला की ते सिंहासन, नायिका निजली की पलंग. बाकीचा राजवाडा, अरण्य आणि कैलास नटाने अंगावर घालून आणायचा.

पेडणे मुळात सावंतवाडीकर भोसल्यांच्या मुलखातले. पोर्तुगिजांच्या ताब्यात ते १७८८ साली गेले, डिचोली त्याआधी काही वर्षे. पण तेरेखोल नदी राज्यकर्त्यांची हद्द झाली तरी कालो, म्हणजे हा दशावतारी खेळ, दोन्ही तीरांवर तोच राहिला. वेशाचा सोस तर या मातीतच आहे. पेडण्याच्या पुनवेला रंगीबेरंगी लुगड्यांनी सजलेली देवांची तरंगे पाहिली की ते पटते.

सिनेमात वेशभूषेची वाट संहितेपासून सुरू होते. कोल्हापूरच्या भानू अथैया यांना ‘गांधी’साठी जॉन मोलो यांच्यासह १९८३ साली ऑस्कर मिळाले. त्या कामात पटकथा आधी, मग संदर्भ, रेखाटने आणि शेवटी कापड. दशावतारात कापड पेटाऱ्यात आधीच असते आणि नाटक रात्र पडल्यावर ठरते. मंडळीतला जाणता आख्यान सांगतो, पार्ट वाटून देतो. लिहिलेले संवाद कुणाच्याच हातात नसतात. त्यामुळे काल इंद्राने घातलेला मखमली कोट आज दुर्योधनाच्या अंगावर चढतो, आणि फरक काय तो किरीट, शेला आणि मुख्य म्हणजे चेहऱ्यावरचा रंग सांगतो.

हा रंग ज्याचा त्याने काढायचा. रंगपटात गणपतीच्या मुखवट्याची पूजा झाली की प्रत्येक जण आपापला आरसा मांडून बसतो. पूर्वी सफेदा, पिवडी, हिंगूळ, काजळ एवढ्यावर भागायचे. राजपार्टाच्या भुवया नाकाच्या मुळापासून कानाकडे लांबवत नेतात, कारण मागच्या रांगेतल्या म्हातारीला नजर कुठे वळली हे दिसले पाहिजे. स्त्रीपार्ट करणारा पुरुष दाढीची निळी झाक मारण्यात जास्त वेळ घालवतो, मग लुगडे, केस, शेवटी अबोलीचा वळेसर. तो उभा राहतो तेव्हा चाल आधीच बदललेली असते. वेशाची खरी कसोटी मात्र युद्धनृत्यात. पखवाज तापला, नट तलवार घेऊन गिरक्या घेऊ लागला की किरीट डोक्यावर टिकला पाहिजे आणि पाय कपड्यात अडकता कामा नये. म्हणून किरीट जड दिसावा पण हलका असावा. बेगडीची चमक इथे सोन्यापेक्षा उपयोगी.

माझ्या मते या साऱ्या वेशांत सर्वांत हुशारीने रचलेला वेश संकासुराचा. अंगभर काळे, तोंडावरही काळे. चेहराच झाकल्यावर उरतो आवाज आणि अंगविक्षेप. देव भारदस्त पुस्तकी मराठीत बोलत असताना हा वेद चोरणारा दैत्य थेट मालवणीत गावातल्या भानगडी काढतो. ओळखू न येणाऱ्या माणसाला असे बोलायची मुभा असते.

आता जाहिरातींत ‘ट्रिकसीनयुक्त’ हा शब्द असतो. रंगीत दिवे, धूर, पडद्यामागून उगवणारे नाग. नाके मुरडणारे मुरडोत, लोक ते पाहायला गर्दी करतात हेही खरे. फक्त एक गोष्ट बिघडली. जुना भडक रंग गॅसबत्तीच्या मंद, पिवळट उजेडासाठी होता. त्या उजेडात हिंगूळ तेजस्वी दिसायचा आणि मखमलीवरचा जुना डाग दिसायचा नाही. एलईडीच्या झोतात दोन्हींची फजिती होते. म्हणून तयार पॅनकेक आले, जरीच्या जागी टिकल्यांचे चमचमते कापड आले. मखमल घामाने भिजते आणि धुता येत नाही, ती उन्हातच टाकावी लागते. हे नवे कापड बादलीत बुडवले की झाले. रोज रात्री वेगळ्या गावी रंग काढणाऱ्या माणसाला त्याचे काय महत्त्व आहे, ते खुर्चीत बसून टीका करणाऱ्याला कळायचे नाही.