बॅटमॅनचा अनाम कथाकार

अभंगाच्या अखेरच्या चरणात संतकवीचे नाव येते. कीर्तनकार ते उच्चारतो, श्रोते मान डोलावतात, आणि रचना कोणाची हा प्रश्न मागे उरत नाही. शाहीरही पोवाड्याच्या शेवटी आपले नाव गुंफून ठेवतो. ही रीत दिसायला साधी. पण ती किती दूरदृष्टीची आहे, हे जेथे ती पाळली गेली नाही तेथील हकीकत ऐकली म्हणजे कळते. अशी एक हकीकत अमेरिकेतील चित्रकथांच्या जगात घडली. 'बॅटमॅन' हे नाव आज शाळकरी मुलांच्याही तोंडी आहे. परंतु त्याची पहिली गोष्ट लिहिणाऱ्या बिल फिंगरचे नाव त्याच्या हयातीत फार थोड्यांना ठाऊक होते.

श्रोतेहो, चित्रकथा म्हटली की चित्रकार डोळ्यांपुढे उभा राहतो, आणि ते स्वाभाविकही आहे. परंतु चित्राच्या आधी लेख असतो. लेखक प्रत्येक पानाची चौकटींत वाटणी करतो; कोणत्या चौकटीत काय दिसावे, कोण कोठे उभा असावा, कोणी काय बोलावे, हे तो आधी लिहून काढतो. मग चित्रकार पेन्सिलीने रेखाटतो, दुसरा त्यावर शाई फिरवतो, तिसरा फुग्यांतील अक्षरे काढतो. नाटकात नटाच्या मुखातून नाटककार बोलतो, तसा येथे चित्रकाराच्या रेषेतून लेखक बोलत असतो. भेद इतकाच की, नाटकाच्या जाहिरातीवर नाटककाराचे नाव असते. त्या काळच्या चित्रकथांवर लेखकाचे नाव असेलच असा नेम नव्हता.

बिल फिंगरचा जन्म ८ फेब्रुवारी १९१४ रोजी अमेरिकेतील डेन्व्हर शहरी एका ज्यू कुटुंबात झाला. त्याचे मूळ नाव मिल्टन. पुढे कुटुंब न्यूयॉर्कच्या ब्राँक्स भागात आले आणि तेथेच तो वाढला. महामंदीच्या त्या दिवसांत लेखनावर पोट भरणे कठीण होते. पादत्राणांच्या दुकानात विक्रेत्याचे काम करीत असतानाच त्याची बॉब केन या तरुण चित्रकाराशी ओळख झाली. केनने त्याला आपल्यासाठी चित्रकथा लिहिण्यास सांगितले. गोष्टी फिंगरने लिहाव्यात आणि त्या केनच्या नावाने जाव्यात, असा तो व्यवहार होता. त्या धंद्यात हे काही जगावेगळे नव्हते. पुढच्या साऱ्या कहाणीचे बीज मात्र त्यातच होते.

१९३८ साली 'सुपरमॅन' प्रसिद्ध झाला आणि त्याने प्रकाशकांचे डोळे दिपवले. त्याच्यासारखा आणखी एक वीर हवा, अशी मागणी संपादकांकडून आली. केनने एक आकृती काढली. तांबडा अंगरखा, डोळ्यांवर लहानसा मुखवटा आणि पाठीवर वटवाघळासारखे ताठ पंख. ती त्याने फिंगरला दाखवली. फिंगरने शब्दकोश उघडला, त्यातील वटवाघळाचे चित्र पुढे ठेवले आणि कानांकडे लक्ष वेधले. मुखवट्याऐवजी टोकदार कानांचे शिरस्त्राण असावे, ताठ पंखांऐवजी कातरलेल्या कडेचा झुलता झगा असावा, हातांत मोजे असावेत, भडक रंग जाऊन करडा व काळा यावा, आणि डोळ्यांत बुबुळे दिसू नयेत, अशा सूचना त्याने केल्या. बुबुळांवाचूनच्या डोळ्यांची कल्पना त्याने 'फँटम'वरून घेतली होती. मराठी वाचकांच्या पिढ्यांना परिचित असलेला 'वेताळ' तो हाच. आज जगभर ओळखली जाते ती बॅटमॅनची मूर्ती या सूचनांतून उभी राहिली.

मे १९३९ ही तारीख छापलेल्या 'डिटेक्टिव्ह कॉमिक्स'च्या २७ व्या अंकात बॅटमॅन प्रथम अवतरला. ती सहा पानांची गोष्ट फिंगरची होती. वर नाव होते ते केवळ बॉब केनचे.

फिंगरने या मालिकेला जे दिले ते वेषापुरते नव्हते. नायकाचे खरे नाव ब्रूस वेन. त्यातील 'ब्रूस' त्याने स्कॉटलंडच्या रॉबर्ट ब्रूस या राजावरून घेतले आणि 'वेन' अमेरिकेच्या स्वातंत्र्ययुद्धातील अँथनी वेन या सेनानीवरून. बॅटमॅनच्या नगरीला नाव हवे होते. टेलिफोनच्या यादीत त्याला एका जवाहिऱ्याच्या दुकानाचे 'गॉथम' हे नाव दिसले आणि गॉथम नगरी जन्मास आली. त्याच वर्षीच्या ३३ व्या अंकात दोन पानांत बॅटमॅनची पूर्वकथा आली. लहानग्या ब्रूसच्या डोळ्यांदेखत एक लुटारू त्याच्या आईवडिलांना ठार मारतो आणि तो मुलगा गुन्हेगारीशी झुंजण्याची शपथ घेतो. सुपरमॅनला परग्रहावरून आलेले बळ होते. बॅटमॅनपाशी होते ते दुःख, अभ्यास आणि व्यायाम. वाचकाला तो आपल्यातला वाटला, याचे कारण या दोन पानांत आहे.

एकाकी नायकाला मनातले बोलायला कोणीच नाही, ही अडचण फिंगरला लेखक म्हणून जाणवली. शेरलॉक होम्सजवळ वॉटसन होता, तसा कोणीतरी हवा. एप्रिल १९४० च्या अंकात रॉबिन हा मुलगा आला तो या गरजेतून. त्याच वर्षी 'जोकर' हा खलनायक आला. त्याची मूळ कल्पना कोणाची, यावर केन, त्याचा साहाय्यक जेरी रॉबिन्सन आणि फिंगर यांच्यात मतभेद राहिले. पण १९२८ च्या एका मूकपटातील कॉन्राड फाइट या नटाचे ते भयाण हास्य असलेले छायाचित्र फिंगरने आणले होते. एका नायकाभोवतीचे जग अशा रीतीने एकेक वीट रचून उभे राहिले.

त्याची लेखनपद्धती ध्यानात घेण्यासारखी आहे. तो टिपणवही बाळगी. वाचनात आलेली शास्त्रीय माहिती, विचित्र यंत्रे, गुन्ह्यांच्या युक्त्या असे जे दिसेल ते तो तीत टिपून ठेवी. मासिकांतील छायाचित्रे कापून तो लेखास जोडी, म्हणजे चित्रकाराला वस्तू बिनचूक काढता यावी. प्रचंड टंकलेखन यंत्रावर, अवाढव्य वस्तूंच्या प्रदर्शनात बॅटमॅन खलनायकांशी झुंजतो, ही त्याच्या कथांची लकबच होऊन बसली. मात्र इतक्या काळजीने लिहिणारा माणूस जलद लिहू शकत नाही. फिंगरचे लेख वेळेवर पोहोचत नसत, आणि पानांच्या हिशेबाने पैसे मिळणाऱ्या त्या धंद्यात संथपणाची किंमत त्यालाच मोजावी लागली. पैशाची ओढाताण त्याला जन्मभर पुरली.

तो सर्वत्रच अनाम होता असे मात्र नव्हे. १९४० साली मार्टिन नोडेल या चित्रकाराबरोबर त्याने 'ग्रीन लँटर्न' हा नायक घडवला, आणि तेथे चित्रकाराबरोबर त्याचेही नाव छापले गेले. लेखकाचे नाव देण्याने मालिकेचे काही बिघडत नाही, हे तेव्हाच सिद्ध झाले होते. बॅटमॅनच्या बाबतीत मात्र प्रकाशकांशी झालेला करार एकट्या केनचा होता, आणि निर्माता म्हणून नावही त्याच्याच एकट्याचे पडत राहिले. ऑक्टोबर १९६६ मध्ये दूरचित्रवाणीवरील बॅटमॅन मालिकेच्या दोन भागांचे लेखन फिंगरने आपल्या एका मित्राच्या जोडीने केले. बॅटमॅनच्या कामाबद्दल हयातीत त्याचे नाव उघडपणे झळकल्याच्या मोजक्या प्रसंगांपैकी हा एक.

त्याच्या एक वर्ष आधी, १९६५ साली, चित्रकथांच्या चाहत्यांनी न्यूयॉर्कमध्ये एक मेळावा भरवला. फिंगर तेथे बोलला. जेरी बेल्स या अभ्यासकाने त्याच्या कामगिरीवर लेख लिहिला. त्याला केनने उघड पत्राने उत्तर दिले आणि बॅटमॅनचे जनकत्व आपलेच असल्याचे ठासून सांगितले. फिंगरने न्यायालयाचे दार ठोठावले नाही. १८ जानेवारी १९७४ रोजी तो आपल्या घरी एकटाच असताना वारला. वय ५९.

केनचा न्याय करताना तोलही सांभाळला पाहिजे. पहिले रेखाटन त्याचे होते आणि प्रकाशकांपुढे कल्पना घेऊन जाणारा तोच होता. १९८९ साली लिहिलेल्या आत्मचरित्रात त्याने फिंगरचा वाटा मान्य केला आणि त्याच्या हयातीत श्रेय न दिल्याची खंतही व्यक्त केली. पण ज्याने ती कबुली ऐकायला हवी होती, तो पंधरा वर्षांपूर्वीच गेला होता.

पुढचे काम इतरांनी केले. २००५ पासून सॅन डिएगो येथील चित्रकथा संमेलनात उपेक्षित लेखकांसाठी फिंगरच्या नावाने पुरस्कार दिला जाऊ लागला. मार्क टायलर नोबलमन या लेखकाने वर्षानुवर्षे कागदपत्रे धुंडाळली, फिंगरच्या नातीचा शोध लावला आणि २०१२ साली मुलांसाठी त्याचे चरित्र प्रसिद्ध केले. अखेर सप्टेंबर २०१५ मध्ये प्रकाशकांनी फिंगरचे नाव देण्याचे मान्य केले, आणि ऑक्टोबरपासून अंकांवर केनच्या जोडीला ते छापले जाऊ लागले. पहिल्या गोष्टीनंतर तब्बल ७६ वर्षांनी! डिसेंबर २०१७ मध्ये ब्राँक्समधील एका रस्त्याच्या कोपऱ्यालाही त्याचे नाव मिळाले. जवळच पो उद्यान आहे. तेथील बाकावर बसून तो आणि केन एके काळी कथानकांची चर्चा करीत असत.

फिंगरला बेवारशी दफनभूमीत पुरले, अशी वदंता बरीच वर्षे होती. ती खरी नव्हती. त्याचे दहन झाले होते. रक्षा घेऊन त्याचा मुलगा ओरेगॉनच्या सागरकिनारी गेला आणि वाळूवर वटवाघळाच्या आकारात त्याने ती पसरली. मग भरतीचे पाणी आले आणि तो आकार घेऊन गेले. बापाने काय घडवले हे त्या मुलाला ठाऊक होते. जगाने ते कागदावर छापायला आणखी चार दशके घेतली.