क्रांतिग्रंथांचे वाचन : राजापूर तालुक्यातील एका प्रश्नाच्या निमित्ताने

गेल्या वर्षावासात राजापूर तालुक्यातील एका बौद्धवाडीत 'भगवान बुद्ध आणि त्यांचा धम्म' या ग्रंथाच्या वाचनासाठी आम्हांस बोलावणे आले होते. आषाढी पौर्णिमेपासून आश्विन पौर्णिमेपर्यंत रोज सायंकाळी विहारात ग्रंथ उघडावयाचा, दोन-चार पाने वाचावयाची आणि वंदना घेऊन घरी जावयाचे, असा तेथील परिपाठ. त्या दिवशी वाचनानंतर आम्ही धम्मक्रांतीविषयी बोललो. आमचे बोलणे संपले तेव्हा मागे भिंतीशी बसलेल्या एका वृद्ध उपासिकेने विचारले, "गुरुजी, भगवंतांनी येवढी क्रांती केली म्हणता, मग ती गेली कुठं?"

आम्ही उत्तर दिले. परंतु ते आमचे आम्हांसच अपुरे वाटले. हा प्रश्न त्या उपासिकेचा एकटीचा नाही. राजकारण, धर्म आणि संस्कृती यांतील उलथापालथीवर लिहिलेल्या प्रत्येक ग्रंथास तो विचारावयास हवा. प्रस्तुत लेखात त्याचे उत्तर काहीशा विस्ताराने देण्याचा आमचा प्रयत्न आहे.

'क्रांती' या शब्दाविषयी

मराठीतील 'क्रांती' हा शब्द संस्कृत 'क्रम्' म्हणजे पाऊल टाकणे, ओलांडणे या धातूपासून आला. ज्योतिषात सूर्याच्या गतीसंबंधी तो फार पूर्वीपासून वापरात आहे. 'संक्रांत' हे त्याचेच भावंड. योगायोग असा की, युरोपीय भाषांतील क्रांतिवाचक शब्दही आकाशातूनच खाली आला. कोपर्निकसने १५४३ साली प्रसिद्ध केलेल्या ग्रंथाच्या नावात तो खगोलांच्या परिभ्रमणासाठी आहे. राज्ये उलथण्यास तो पुढे लागू झाला.

पालीत राज्यक्रांती या अर्थाचा स्वतंत्र शब्द नाही. 'क्रम्' धातूचे पाली रूप 'कम्' असून त्यापासून 'ओक्कन्ति' हा शब्द होतो. त्याचा अर्थ प्रवेश. संयुत्तनिकायात या नावाचे एक संयुत्त असून त्यात आर्यमार्गातील प्रवेशाचा विचार आहे. म्हणजे सत्ता एका हातातून दुसऱ्या हातात जाणे हा पालीतील अर्थ नव्हे. माणसाने नव्या मार्गात पाऊल टाकणे हा आहे.

दुसरा शब्द आपल्या नित्य परिचयाचा आहे, तो म्हणजे 'धम्मचक्कप्पवत्तन'. त्या सुत्तात या चक्रास 'अप्पटिवत्तिय' हे विशेषण लावले आहे. कोणासही उलट फिरविता न येणारे, असा त्याचा अर्थ. येथेच उपासिकेचा प्रश्न बोचतो. चक्र उलटे फिरत नाही असे सुत्त सांगते, आणि भारतात तर ते थांबलेले दिसले. यात विसंगती आहे काय? आमच्या मते नाही. दुःख आहे आणि त्याचे कारण आहे, हे सत्य कोणीही मागे फिरवू शकत नाही. परंतु त्या सत्यावर उभा केलेला समाज मात्र मागे फिरविता येतो.

पाली वाङ्मयातील उलथापालथ

समाज का उलथतो याचा विचार त्रिपिटकात स्पष्ट आहे. दीघनिकायातील कूटदन्त सुत्तात राजा महाविजित याची कथा येते. त्याच्या राज्यात लूटमार माजलेली असते आणि त्याला मोठा यज्ञ करावयाचा असतो. पुरोहित त्यास सांगतो की, वध, बंधन आणि दंड यांनी हा उपद्रव संपणार नाही. जे उरतील ते पुन्हा पीडा देतील. यास्तव शेती करणाऱ्यांस बियाणे व अन्न द्यावे, व्यापार करणाऱ्यांस भांडवल द्यावे, राजसेवकांस अन्न व वेतन द्यावे. मूळ शब्द 'बीजभत्त', 'पाभत' आणि 'भत्तवेतन' असे आहेत. असे केल्यावर लोक घरांची दारे उघडी ठेवून राहू लागले, असे सुत्त सांगते. चक्कवत्तिसीहनाद सुत्तात याची दुसरी बाजू आहे. राजाने निर्धनांस धन दिले नाही, त्यातून दारिद्र्य वाढले, दारिद्र्यातून चोरी, चोरीतून शस्त्र, शस्त्रातून हत्या आणि हत्येतून असत्य.

रत्नागिरी जिल्ह्यातील वाचकास हे समजावून सांगण्यास फार शब्द लागत नाहीत. सरकार आणि कूळ यांच्यामध्ये बसलेला खोत, पिकातील त्याचा वाटा आणि त्याच्या घरची वेठ यांच्या आठवणी वाडीवाडीत आहेत. १७ सप्टेंबर १९३७ रोजी बाबासाहेबांनी मुंबई विधिमंडळात खोती नष्ट करण्याचे विधेयक मांडले, १० जानेवारी १९३८ रोजी शेतकऱ्यांचा मोर्चा मुंबईत विधिमंडळावर गेला आणि पुढे १९४९ साली खोती रद्द करणारा कायदा झाला. बियाणे पेरणाऱ्याचे असावे, हा कूटदन्त सुत्तातील विचार कोकणात कायद्याच्या भाषेत यावयास इतका काळ लागला.

बाबासाहेबांचा अपूर्ण ग्रंथ

क्रांती गेली कुठे, या प्रश्नास थेट हात घालणारा ग्रंथ म्हणजे बाबासाहेबांचा 'प्राचीन भारतातील क्रांती आणि प्रतिक्रांती'. तो त्यांच्या हयातीत पूर्ण झाला नाही. त्यांच्या निर्वाणानंतर राहिलेल्या कागदपत्रांतून त्याची प्रकरणे जुळविली गेली आणि वसंत मून यांच्या संपादनाखाली महाराष्ट्र शासनाच्या ग्रंथमालेच्या तिसऱ्या खंडात ती १९८७ साली प्रसिद्ध झाली. त्याच वर्षी चौथा खंड आला. त्यातील राम-कृष्णविषयक परिशिष्टावरून वादळ उठले आणि १९८८ च्या आरंभी त्याच्या समर्थनार्थ मुंबईत विराट मोर्चा निघाला. लेखकाच्या मागे तीस वर्षांनी छापलेले ग्रंथ रस्त्यावर माणसे आणू शकतात, हे आपण पाहिले.

ग्रंथाची मांडणी तीन टप्प्यांची आहे. प्रथम बुद्धपूर्व आर्य समाजाची अवस्था; त्यातील 'अधःपतित पुरोहितवर्ग' हे प्रकरण दीघनिकायातील शीलविषयक भागाच्या आधारे लिहिले आहे. दुसरा टप्पा बौद्ध धम्माचा. बाबासाहेब त्यास फ्रेंच राज्यक्रांतीच्या तोडीची क्रांती मानतात. ती धार्मिक म्हणून सुरू झाली आणि सामाजिक व राजकीय झाली, असे ते म्हणतात. तिसरा टप्पा प्रतिक्रांतीचा. मौर्य राजा बृहद्रथ याचा सेनापती पुष्यमित्र शुंग याने इ. स. पू. १८५ च्या सुमारास केलेला वध ही त्यांच्या मते प्रतिक्रांतीची सुरुवात.

येथे एक गोष्ट सहसा नजरेतून सुटते. राजवधास या ग्रंथात महत्त्वाचे स्थान आहे, परंतु उत्तरार्धातील बहुतेक पाने तलवारीवर नसून ग्रंथांवर आहेत. मनुस्मृती, भगवद्गीता, महाभारतातील विराट व उद्योग पर्वे, शूद्र आणि प्रतिक्रांती, स्त्री आणि प्रतिक्रांती, हे त्यांचे विषय आहेत. गीतेस ते प्रतिक्रांतीचे तात्त्विक समर्थन म्हणतात. राजा मारण्यास एक दिवस पुरतो. समतेचा विचार लोकांच्या मनातून काढावयास वाङ्मय लागते, हा या मांडणीचा गाभा आहे. २५ डिसेंबर १९२७ रोजी महाड येथे मनुस्मृतीचे दहन का झाले, हेही यावरून उमगते.

चिकित्सा

श्रद्धेने वाचणे आणि तपासून वाचणे यांत विरोध नाही. कालाम सुत्त आपल्याला तेच शिकविते. पुष्यमित्राने बौद्धांचा छळ केल्याची कथा 'दिव्यावदाना'त येते. दुसरीकडे भारहूत येथील तोरणावरील लेख शुंगांच्या राज्यकाळाचा उल्लेख करतो आणि सांचीच्या स्तूपाचा विस्तारही त्याच सुमारास झाला. मनुस्मृतीचा काळ बाबासाहेबांनी पुष्यमित्राच्या लगतचा धरला. आज अनेक संशोधक तो इसवी सनाच्या दुसऱ्या-तिसऱ्या शतकापर्यंत खाली आणतात. याने सिद्धान्त कोसळतो काय? आमच्या मते कोसळत नाही. प्रतिक्रांतीची गती तेवढी बदलते. ती एका घावाची नसून शतकानुशतके चाललेली क्रिया ठरते.

याचा पुरावा आपल्या जिल्ह्यातच आहे. दापोली तालुक्यातील पन्हाळेकाजी येथे २९ लेण्यांचा समूह आहे. आरंभी ती थेरवादी परंपरेच्या भिक्खूंची होती, पुढे तेथे वज्रयानाच्या मूर्ती आल्या आणि नंतर नाथपंथीयांनी तेथे वास केला. कातळ तोच, माणसे बदलत गेली. कोणी एका रात्रीत ही लेणी हिरावून घेतली असे त्यांकडे पाहून वाटत नाही.

मग क्रांती गेली कुठे?

धम्माच्या ऱ्हासावरील प्रकरणात बाबासाहेबांनी आक्रमणांत झालेल्या विहारांच्या विध्वंसाची चर्चा केली आहे. परंतु तेथे त्यांचा एक मुद्दा आम्हांस अधिक मोलाचा वाटतो. ब्राह्मण पुरोहित जन्माने होतो, म्हणून त्याची संख्या आपोआप भरून निघते. भिक्खू जन्माने होत नाही. तो शिकवून, उपसंपदा देऊन घडवावा लागतो. घडविणारेच गेले की परंपरा तुटते. 'भगवान बुद्ध आणि त्यांचा धम्म'मध्ये ते आणखी एक उणीव दाखवितात. संघात येणाऱ्यास दीक्षेचा विधी होता, परंतु गृहस्थ उपासकास धम्मदीक्षेचा स्वतंत्र विधी नव्हता. त्यामुळे उपासक इकडून तिकडे जात राहिला. १४ ऑक्टोबर १९५६ रोजी नागपुरात लाखो गृहस्थांना दिलेली दीक्षा व बावीस प्रतिज्ञा यांचा अर्थ या संदर्भात अधिक खोल होतो.

उपासिकेच्या प्रश्नाचे आमचे उत्तर असे : जेथे शिकविणारा व शिकणारा उरला नाही तेथून क्रांती गेली, जेथे उरला तेथे ती राहिली. इ. स. पू. पहिल्या शतकात वट्टगामणी राजाच्या काळी लंकेत दुष्काळ व युद्ध यांनी हाहाकार माजला. तोंडपाठ असलेले त्रिपिटक नष्ट होईल या भयाने तेथील भिक्खूंनी ते ग्रंथबद्ध केले. भारतात जे हरवले ते त्यामुळे लंकेत सापडले. गोव्यातील साखवाळचे धर्मानंद कोसंबी १९०२ साली लंकेस जाऊन विद्योदय परिवेणात पाली शिकले आणि परत येऊन त्यांनी पुण्याच्या फर्ग्युसन महाविद्यालयात पाली शिकविली.

दुसरे उदाहरण आणखी जवळचे आहे. १९८१ साली सिंधुदुर्ग वेगळा होण्यापूर्वीच्या जुन्या रत्नागिरी जिल्ह्याच्या उत्तरेस मंडणगड तालुक्यात बाबासाहेबांचे मूळ गाव आंबडवे आहे आणि दक्षिणेस वेंगुर्ल्याजवळ केळूस. राजापूर या दोहोंच्या मध्ये आहे. केळूसचे कृष्णराव अर्जुन केळुसकर यांनी १८९८ साली मराठीत बुद्धचरित्र लिहिले. विद्यार्थी भीमराव परीक्षेत उत्तीर्ण झाल्याच्या सत्कारात त्यांनी ते त्यांस भेट दिले. बुद्धाकडे आपले मन वळण्यास हे पुस्तक कारण झाले, असे स्वतः बाबासाहेबांनी १९५६ साली लिहिलेल्या प्रास्ताविकात नमूद केले आहे. एका मराठी पुस्तकाला एक वाचक मिळाला, आणि अर्धशतकानंतर काय घडले ते आपण जाणतो.

ग्रंथ वस्त्रात आणि ग्रंथ मनात

आता धोक्याविषयी. अनेक विहारांत आम्ही पाहतो की वर्षावास संपला की ग्रंथ स्वच्छ वस्त्रात गुंडाळून मूर्तीपुढे ठेवला जातो. फुले वाहिली जातात, मेणबत्ती लागते. पान मात्र पुढील आषाढीपर्यंत उघडत नाही. यामागील आदर आम्ही जाणतो. परंतु पूजिलेला आणि न वाचलेला ग्रंथ हीच प्रतिक्रांतीची सर्वांत सोपी वाट आहे. तिला शत्रूचीही गरज लागत नाही.

भगवंतांनी आपले वचन वैदिक छंदात बांधण्यास नकार दिला आणि ते 'सकाय निरुत्तिया', म्हणजे स्वतःच्या भाषेत, शिकण्याची अनुज्ञा दिली, असे चुल्लवग्गात आहे. हेतू हा की पाणी भरणाऱ्या दासीलाही ते कळावे. अशी दासी थेरीगाथेत आहे. पुण्णिका पहाटे थंडीत नदीवर पाण्याला जाते आणि स्नानाने पापमुक्ती शोधणाऱ्या ब्राह्मणास विचारते की, पाण्याने शुद्धी होत असेल तर बेडूक आणि कासवे सर्वांच्या आधी स्वर्गास जातील. राजापूरजवळ उन्हाळे येथील गंगा प्रकट झाली की स्नानास लोटणारी गर्दी ज्यांनी पाहिली आहे, त्यांस या गाथेचा अर्थ सांगावयास नको. मनुस्मृतीने जिला ज्ञानाचा अधिकार नाकारला, तिच्या तोंडचा प्रश्न थेरवादी परंपरेने पवित्र वाङ्मय म्हणून जपला. संस्कृतीतील क्रांती म्हणतात ती हीच.

यास्तव येत्या वर्षावासासाठी आमची साधी सूचना आहे. पहिल्या महिन्यात कूटदन्त व चक्कवत्तिसीहनाद ही सुत्ते मराठीत वाचावीत. दुसऱ्यात 'क्रांती आणि प्रतिक्रांती'तील ऱ्हासाचे व स्त्रीविषयक प्रकरण. तिसऱ्यात बाबासाहेबांनी २० नोव्हेंबर १९५६ रोजी काठमांडू येथे बुद्ध आणि मार्क्स यांवर केलेले भाषण, कारण रक्तपाताविना आणि हुकूमशाहीविना समता कशी टिकवावी हा त्याचा विषय आहे. वाचन अर्धा तास असावे आणि उरलेला अर्धा तास प्रश्नांसाठी ठेवावा. प्रश्न आधी स्त्रियांनी व मुलांनी विचारावेत. वाचणारा दर आठवड्यास नवा असावा, म्हणजे तीन महिन्यांत वाडीत बारा वाचक तयार होतील. आश्विन पौर्णिमेनंतर ग्रंथ वस्त्रात न बांधता या बारा घरांतून फिरता ठेवावा; पाने मळली तर नवी प्रत घेता येते.

त्या उपासिकेस आम्ही निघताना सांगितले की उत्तर लिहून पाठवू. ते हे आहे. विहारात कोणी तरी ते त्यांस वाचून दाखवावे, आणि त्यांचा पुढचा प्रश्न आम्हांस कळवावा.