पाळीनिष्ठ व्यूहात्मक संगणकीय खेळांतील उत्तरार्धाचे युद्धव्यवस्थापन : मराठा इतिहासाच्या संदर्भात एक विवेचन

प्रस्तावना

'पानिपत होणे' हा वाक्प्रचार मराठीत संपूर्ण नाश या अर्थाने रूढ आहे. ज्या सत्तेचे पानिपत झाले ती सत्ता त्या वेळी दुर्बल नव्हती, हे मात्र हा वाक्प्रचार वापरताना सहसा ध्यानात येत नाही. १७५८ मध्ये मराठी फौजा अटकेपर्यंत पोहोचल्या होत्या. फेब्रुवारी १७६० मध्ये उदगीर येथे निजामाचा पराभव झाला होता. विस्तार शिखरावर असतानाच १४ जानेवारी १७६१ चा दिवस उजाडला. सत्ता सर्वांत मोठी असते त्याच वेळी तिचे युद्ध सर्वांत अवघड का होते, हा प्रश्न इतिहासाच्या अभ्यासकाला जसा पडतो, तसाच तो आज एका सर्वस्वी वेगळ्या क्षेत्रात, संगणकीय खेळांत, तरुणांना रोज पडत आहे.

आटगाव, आसनगाव परिसरातून लोकलने महाविद्यालयात येणाऱ्या विद्यार्थ्याच्या हातातील भ्रमणध्वनीवर खेळ दिसला की आपण प्राध्यापक मंडळी त्याला वेळेचा अपव्यय समजतो. पुष्कळदा ते खरेही असते. तथापि या खेळांचा एक प्रकार असा आहे की ज्यात बोटांच्या चपळाईपेक्षा हिशेब, धोरण व संयम यांची परीक्षा होते. या प्रकारातील डावाच्या उत्तरार्धात युद्धाचे व्यवस्थापन कसे करावे लागते, याचे विवेचन करणे व त्याचा मराठा इतिहासाशी असलेला संबंध स्पष्ट करणे, हा प्रस्तुत लेखाचा उद्देश आहे.

खेळाचे स्वरूप

ज्याला खेळाडू 'टर्न बेस्ड स्ट्रॅटेजी' म्हणतात त्या प्रकारात बुद्धिबळाप्रमाणे प्रत्येक पक्ष आपल्या पाळीला चाल करतो. फरक असा की बुद्धिबळात सोंगट्या ठरावीक असतात आणि डाव पुढे जाईल तशा त्या कमी होतात. येथे नगरे, फौजा, कर, विद्या आणि तह हे सर्व खेळाडूने उभे करावयाचे असते व डाव पुढे जाईल तसा पसारा वाढत जातो. १९९१ मध्ये प्रसिद्ध झालेला सिड मायर यांचा 'सिव्हिलायझेशन' हा या परंपरेतील सर्वपरिचित खेळ होय. ॲलन एमरिक या समीक्षकाने १९९३ मध्ये या प्रकाराचे वर्णन चार क्रियांत केले : शोध, विस्तार, उपभोग आणि उच्छेद. प्रस्तुत लेखाचा विषय यांपैकी चौथ्या क्रियेच्या काळाशी संबंधित आहे.

मराठी वाचकाच्या दृष्टीने अधिक जवळचे उदाहरण म्हणजे मार्च २००९ मध्ये क्रिएटिव्ह असेंब्ली या ब्रिटिश संस्थेने प्रसिद्ध केलेला 'एम्पायर : टोटल वॉर'. यात १७०० साली सुरू होणाऱ्या डावात मराठा राज्य निवडून खेळता येते. प्रत्यक्ष रणांगणावरील लढाई या खेळात अखंड चालते. परंतु राज्यकारभाराचा नकाशा पाळीपाळीने पुढे सरकतो आणि एक पाळी म्हणजे अर्धे वर्ष असते. आरंभी मराठ्यांचे मुघलांशी युद्ध चालूच असते. युरोप, अमेरिका व भारत असे तीन मोठे प्रदेश नकाशावर असल्याने दख्खनमध्ये सुरू झालेले युद्ध उत्तरार्धात कोठवर पोहोचेल याची मर्यादा राहत नाही.

उत्तरार्ध अवघड का होतो

पूर्वार्धात खेळाडूकडे दोन-तीन प्रांत आणि एक-दोन फौजा असतात. चूक झाली तर ती दिसते आणि सुधारता येते. उत्तरार्धात वीस-पंचवीस प्रांत, आठ-दहा फौजा, अनेक शेजारी व तितकेच करार सांभाळावे लागतात. प्रत्येक नवा प्रांत उत्पन्न आणतो. त्याचबरोबर नवी सीमा, नवा शत्रू, नवी अशांतता आणि राजधानीपासूनचे नवे अंतरही आणतो. एका मर्यादेनंतर विस्ताराचा भार विस्ताराच्या लाभापेक्षा वेगाने वाढतो.

खेळाच्या निर्मात्यांनाही हा प्रश्न सतत सतावत आलेला आहे. 'सिव्हिलायझेशन'च्या २००१ मधील तिसऱ्या आवृत्तीत राजधानीपासून दूरच्या नगरांत भ्रष्टाचाराने उत्पन्न गळत असे. २००५ मधील चौथ्या आवृत्तीत नगरांची संख्या व अंतर यांनुसार देखभालखर्च वाढू लागला. २०१० मधील पाचव्या आवृत्तीत सर्व राज्याच्या समाधानाचा एकच मापदंड आला आणि अतिविस्ताराने तो घसरू लागला. सहाव्या आवृत्तीच्या २०१८ मधील पुरवणीत नगरांची निष्ठा ढळण्याची तरतूद झाली. २०२५ मधील सातव्या आवृत्तीत डाव तीन युगांत विभागण्यात आला. अनेक खेळाडू डाव शेवटास नेत नाहीत, हे त्यामागील एक कारण निर्मात्यांनी जाहीरपणे सांगितले आहे. 'अंथरूण पाहून पाय पसरावे' ही आपली म्हण निरनिराळ्या नियमांच्या रूपाने या खेळांत पुनःपुन्हा अवतरली आहे, असे म्हणता येईल.

व्यवस्थापनाची पाच सूत्रे

१) साध्य आधी ठरविणे : उत्तरार्धातील पहिली चूक म्हणजे सामर्थ्य आहे म्हणून युद्ध करणे. डाव जिंकण्यास कोणते प्रांत आवश्यक आहेत व कोणते केवळ मोहाचे आहेत, याची यादी युद्धापूर्वी व्हावयास हवी. आणखी पाच प्रांतांनी विजय मिळणार असेल तर सहाव्या प्रांतासाठी पाठवलेली फौज वाया जाते.

२) एका वेळी एक आघाडी : दोन बलाढ्य शत्रूंशी एकाच वेळी लढणे हे सर्वांत महाग युद्ध होय. उदगीरनंतर निजामाशी तह करून मगच सदाशिवरावभाऊ उत्तरेकडे वळले, ही चाल या दृष्टीने योग्य होती. दक्षिणेची आघाडी मिटल्याखेरीज उत्तरेची मोहीम संभवत नव्हती.

३) रसद व भरतीचा आगाऊ हिशेब : 'एम्पायर'मध्ये एका फौजेत जास्तीत जास्त वीस पथके असतात. समजा, अशी पूर्ण फौज निघाली आणि जिंकलेल्या प्रत्येक नगरात बंदोबस्तासाठी चार पथके ठेवावी लागली. तीन नगरे जिंकल्यावर, एकही लढाई न हरता, फौजेत आठच पथके उरतात. नवी पथके राजधानीत उभी करून सीमेवर पोहोचण्यास तीन पाळ्या लागत असतील, तर खेळातील दीड वर्ष गेले. म्हणून कुशल खेळाडू पहिले नगर पडण्यापूर्वीच तिसऱ्या नगरासाठी लागणारी भरती सुरू करतो. पानिपतच्या मोहिमेत हाच हिशेब चुकला. रघुनाथराव उत्तरेतून कर्ज घेऊन परतले होते, त्यामुळे नव्या मोहिमेस पैशाचा आधार क्षीण होता. ऑक्टोबर १७६० मध्ये भाऊंनी कुंजपुरा घेतला; तेवढ्यात अब्दालीने बागपतजवळ यमुना ओलांडली आणि मराठी सैन्याचा दक्षिणेचा मार्ग रोखला गेला. शत्रूची रसद तोडण्याचे काम ज्यांच्यावर होते ते गोविंदपंत बुंदेले डिसेंबरात मारले गेले. सैन्य लढाईत उतरले ते उपासमारीने गांजल्यानंतर.

४) जिंकलेल्या मुलखाची घडी : नव्या प्रांतात परकी सत्तेविषयी रोष असतो. 'एम्पायर'मध्ये अशा प्रांताला काही काळ करमाफी देता येते. उत्पन्न बुडते, पण बंड टळते आणि बंदोबस्तात अडकलेली पथके मोकळी होतात. 'सिव्हिलायझेशन'च्या पाचव्या आवृत्तीत जिंकलेले नगर राज्यात विलीन करावे, मांडलिक म्हणून ठेवावे की नष्ट करावे, असा पर्याय दिलेला आहे. मांडलिक नगरात खेळाडूला हवे ते करता येत नाही, परंतु त्याच्या कारभाराचा भारही थोडा पडतो. १७१९ मध्ये बाळाजी विश्वनाथांनी दख्खनच्या सहा सुभ्यांच्या चौथाई व सरदेशमुखीच्या सनदा मिळविल्या, तेव्हा मराठी सत्तेने हाच मध्यम मार्ग पत्करला होता : कारभार दुसऱ्याचा, महसुलाचा हिस्सा आपला. विस्तार झपाट्याने झाला तो या स्वस्त व्यवस्थेमुळे. तिचे मोलही मोठे होते. ज्याच्याकडून केवळ वसुली होते तो संकटकाळी मित्र म्हणून उभा राहत नाही.

५) मैत्री हे सैन्यच होय : उत्तरार्धात संगणकाच्या हातातील लहान राज्ये बलाढ्य खेळाडूविषयी साशंक होतात. त्या वेळी एक तटस्थ शेजारी हा सीमेवरील एका फौजेइतका मोलाचा ठरतो. पानिपतपूर्वी राजपूत राजे अलिप्त राहिले, सूरजमल जाट दूर झाला आणि शुजाउद्दौला अब्दालीला मिळाला. रणांगणावरील पराभवाआधी हा तहाच्या पटावरील पराभव होता.

माहुलीचा धडा

या पाच सूत्रांना पूरक असे एक सहावे सूत्र आहे आणि त्याचे उदाहरण आपल्या परिसरातच उभे आहे. आटगाव व आसनगाव स्थानकांतून दिसणारा माहुलीचा किल्ला, त्याच्या पळसगड व भंडारगड या जोडशिखरांसह, विद्यार्थ्यांच्या रोजच्या पाहण्यातला आहे. शहाजीराजांनी बाल निजामशहाला गादीवर बसवून बुडती निजामशाही सावरण्याचा प्रयत्न केला. तोवर दख्खनच्या पटावर दोन मोठे खेळाडू उरले होते, मुघल आणि आदिलशाही. हे दोघे परस्परांशी लढत होते तोवर तिसऱ्याला जागा होती. १६३६ मध्ये त्यांनी आपसात तह करून निजामशाही वाटून घेतली आणि ती जागा संपली. दोन्ही फौजांनी माहुलीला वेढा घातला. बाहेरून मदत येण्याची शक्यता उरली नव्हती.

अशा वेळी शेवटच्या शिबंदीपर्यंत लढणे हा एक पर्याय असतो. शहाजीराजांनी तह केला. किल्ला गेला, निजामशाही संपली, स्वतःला आदिलशाहीची चाकरी पत्करावी लागली. परंतु पुण्याची जहागीर राहिली. स्वराज्याचे बीज पुढे याच जहागिरीत रुजले. माहुलीचा पुढील इतिहासही हेच सांगतो. १६६५ च्या पुरंदरच्या तहात शिवाजी महाराजांनी जे तेवीस किल्ले दिले त्यांत माहुलीही होता. १६७० मध्ये तो परत घेण्याचा पहिला प्रयत्न फसला, किल्लेदार मनोहरदास गौड याने तो परतवला. पण त्याच वर्षी जूनमध्ये किल्ला हाती आला. जे आज राखता येत नाही ते सोडून, उद्या घेण्याचे सामर्थ्य शिल्लक ठेवणे, हे सहावे सूत्र होय. 'युद्धात जिंकले आणि तहात हरले' असे आपण नेहमी म्हणतो. युद्धात हरूनही तहात काही राखता येते, हे माहुली शिकवतो.

खेळात हे सूत्र पाळणे खेळाडूला सर्वांत जड जाते. दूरचा प्रांत सोडून फौज मागे घेणे त्याला अपमानास्पद वाटते. वस्तुतः चार पाळ्यांपूर्वी सोडलेला एक प्रांत पुष्कळदा मागचे तीन प्रांत वाचवतो.

खेळाच्या मर्यादा

या तुलनेच्या मर्यादा नोंदविणे आवश्यक आहे. खेळाडूला आपल्या सर्व फौजांची स्थिती एका दृष्टिक्षेपात कळते. नानासाहेब पेशवे स्वतः मदतीसाठी उत्तरेकडे निघाले होते, तरी पानिपतची वार्ता त्यांना लढाई होऊन गेल्यानंतर वाटेत कळली. त्याच वर्षी जूनमध्ये त्यांचे निधन झाले. दुसरे असे की खेळातील फौजेबरोबर बायका, मुले, यात्रेकरू आणि बाजारबुणगे नसतात. पानिपतात ते मोठ्या संख्येने होते आणि त्यांचे पोट व संरक्षण हाही सेनापतीचा भार होता. तिसरे आणि महत्त्वाचे म्हणजे खेळाडू जतन करून ठेवलेल्या जागेवरून डाव पुन्हा सुरू करू शकतो. ज्या घरांतली माणसे परतली नाहीत त्यांना ती सोय नव्हती. पडद्यावर पथकाचा आकडा कमी होतो; इतिहासात माणूस कमी होतो. हा भेद विद्यार्थ्याच्या मनात ठसला नाही, तर या खेळापासून मिळणारे हिशेबाचे शिक्षण निरर्थकच नव्हे तर घातक ठरेल.

समारोप

पाळीनिष्ठ खेळांच्या उत्तरार्धात युद्धव्यवस्थापन म्हणजे अधिक लढाया जिंकणे नव्हे. कोणते युद्ध आवश्यक आहे, ते किती काळ पोसता येईल, जिंकलेले कसे टिकेल आणि कोठे थांबावयाचे, या चार प्रश्नांची उत्तरे प्रत्येक पाळीला नव्याने देणे, हे त्याचे खरे स्वरूप होय. इतिहास, अर्थशास्त्र, राज्यशास्त्र व गणित या चारही विषयांच्या अध्यापकांना यात अध्यापनाची सामग्री आहे. विद्यार्थ्याच्या हातातील खेळ काढून घेण्यापूर्वी त्याला एकच प्रश्न विचारून पाहावा : 'तुझी फौज पुढे गेली, आता तिच्या मागे कोण आहे?' या प्रश्नाचे उत्तर जो विद्यार्थी शोधू लागेल, त्याला पानिपतच्या सनावळीपलीकडचे पानिपत समजू लागेल. आणि लोकलच्या खिडकीतून दिसणारा माहुलीही त्याला नुसता डोंगर वाटणार नाही.